पाय बघलंस काय?

माझ्या टेबलाच्या वरच्या खणात एचएमटीचं एक ‘जनता’ घड्याळ आहे. चावीचं, पुरुषी, पांढऱ्या तबकडीचं. ते माझं नाही. 1991 च्या ऑक्टोबरात एका रात्रीपुरतं ते माझ्या हातात आलं आणि मग माझ्याकडेच राहिलं. तबकडीवर बारीक अक्षरांत ‘पॅराशॉक’ असं छापलंय. ज्यांचं ते घड्याळ, त्या सिस्टर म्हणायच्या, “घड्याळाला शॉक लागणार नाही असं कंपनी लिहून देते. माणसाचं तसं कुणी लिहून देत नाही.”

मी तेव्हा कोकणातल्या एका सरकारी रुग्णालयात इंटर्न होते. कॅज्युअल्टीला लागून बारा खाटांचा ऑब्झर्वेशन वॉर्ड होता आणि रात्री तो सिस्टरांच्या ताब्यात असे. सिस्टर मूळच्या मालवणकडच्या. पेशंटसमोर मला ‘डॉक्टर’ आणि ‘अहो’ म्हणत. दोघीच असलो की ‘गो’. बायकी घड्याळांना सेकंदकाटा नसतो, मग नाडी काय अंदाजाने मोजायची, असं म्हणून त्या यजमानांचं घड्याळ वापरत. यजमानांनी क्वार्ट्झ घेतल्यावर हे त्यांच्याकडे आलं होतं. दिवसाला चार मिनिटं पुढे पळायचं. मी एकदा तसं म्हणाले, तर त्या म्हणाल्या, “दिवसाला चार मिनिटं. तीन सेकंदांत किती पळेल?”

तीन सेकंद कशाचे, ते मला तेव्हा कळलं नव्हतं.

त्यांची एक सवय मला विचित्र वाटायची. राउंडला निघण्याआधी चहाचा स्टीलचा पेला दोन्ही हातांत धरून उभ्या राहायच्या. चहा प्यायच्या नाहीत, नुसता पेला धरायच्या. मग पहिल्या खाटेपासून सुरुवात. पेशंटच्या अंगावरची चादर पायाकडून वर करायची, तळहात पावलावर ठेवायचा, तिथून घोट्यावर, मग गुडघ्यावर. कुठवर गार आहे आणि कुठे ऊब सुरू होते ते बघायचं. मग हाताच्या बोटाचं नख दाबून पांढरं करायचं, सोडायचं आणि घड्याळाकडे बघायचं. गुलाबी रंग दोन-तीन सेकंदांत परतला की पुढची खाट. चार, पाच, सहा झाले की त्या तिथेच थांबत. पेला आपला हात गरम करण्यासाठी होता. गार हाताला गार पाय कसा कळणार?

मी त्या वेळी बीपीच्या मशीनवर विश्वास ठेवणारी मुलगी होते. पाऱ्याचं यंत्र, रबरी पट्टा, स्टेथोस्कोप. आकडा आला की माझं समाधान. आकड्याला कागदावर लिहिता येतं, सरांना सांगता येतं. ‘पाय गार आहेत’ हे सांगितलं तर सर विचारत, “मग? थंडी आहे.”

ऑगस्टात एक माणूस आला. माडावरून पडलेला. पस्तिशीचा, काटक, रोज वीस-पंचवीस माड चढणारा. पावसात खोड शेवाळलेलं, पाय घसरला. शुद्धीवर होता, बोलत होता, हाड मोडलेलं दिसत नव्हतं. पोटात थोडं दुखतंय म्हणाला आणि डावा खांदा जास्त दुखतोय म्हणाला. मी खांदा हलवून पाहिला. हलत होता. मुका मार, असं ठरवून वेदनाशामक इंजेक्शन लिहिलं. बीपी 110/90. नाडी 128. मी केसपेपरवर लिहिलं, ‘बीपी नॉर्मल, नाडी वेदनेमुळे जलद’. बेड नंबर अकरा.

रात्री दोनच्या सुमाराला सिस्टर माझ्या खोलीच्या दाराशी आल्या. “पाय बघलंस काय गो त्याचे?”

मी म्हटलं, बीपी चांगलं आहे.

“बीपी मी बघितलंय. पाय बघलंस काय?”

मी गेले. पाय गार होते. पावसाळ्याची रात्र, सिमेंटची जमीन, खिडकीची एक काच नाही. मी दोन चादरी घालायला सांगितल्या आणि सकाळी सर्जन आल्यावर दाखवू म्हटलं. सर्जनना त्याच वेळी क्वार्टरवरून बोलावता आलं असतं. मी बोलावलं नाही. इंटर्नने रात्री उगाच उठवलं असं व्हायला नको, हा विचार होता. हे लिहायला मला तीस वर्षं लागली. साडेचारला तो गेला. पोट रक्ताने भरलेलं होतं. प्लीहा फुटली होती.

आज दुसऱ्या वर्षाच्या विद्यार्थ्यालाही मी सांगू शकते की तो डावा खांदा खांद्याचा नव्हता. पोटात साठलेलं रक्त डाव्या बाजूच्या श्वासपटलाला डिवचतं. त्या पटलाचा मज्जातंतू मानेतून येतो, म्हणून मेंदूला वाटतं की खांदा दुखतोय. आणि 110/90 हा आकडा वरून चांगला दिसतो, पण वरच्या आणि खालच्या आकड्यांतलं अंतर बघायचं असतं. ते 20 होतं. निरोगी माणसात चाळिसाच्या आसपास असतं. शरीरात पाचेक लिटर रक्त. त्यातलं दीड लिटर वाहून जाईपर्यंत तरुण शरीर वरचा आकडा धरून ठेवतं. कसं? कातडी, हातपाय, आतडी, मूत्रपिंड यांच्या नळ्या आवळून. हृदयाला आणि मेंदूला वाचवण्यासाठी बाकीच्यांची रसद कापायची. म्हणून खालचा आकडा वर सरकतो, नाडी पळते, पाय गार पडतात, लघवी कमी होते. बीपी कोसळतं ते हा सगळा खटाटोप हरल्यावर. म्हणजे ‘बीपी नॉर्मल’ ही बातमी शिळी असते. ताजी बातमी पायांवर.

आणि गंमत म्हणजे ही बातमी आपल्या बोलण्यात कधीपासून आहे. हातपाय गार पडले, म्हणतो आपण. पांढराफटक पडला, घाम फुटला, नाडी लागेना. बेड नंबर अकराच्या बायकोने मला संध्याकाळीच म्हटलं होतं, “ह्यांचे हातपाय गार पडलेत हो.” मी ते ऐकलं नाही, कारण ते मराठीत होतं.

सिस्टर मला रागावल्या नाहीत. रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. सकाळी ड्यूटी संपताना म्हणाल्या, “चहा घे, मग झोप.” एवढंच.

त्यानंतर दोन महिने मी वेड्यासारखे पाय चाचपत फिरले. पाय गार लागले की सलाईन. माझं गणित साधं झालं होतं: गार पाय म्हणजे रक्त किंवा पाणी कमी, पाणी कमी म्हणजे बाटली लाव. आणि बऱ्याचदा ते चाललं. जुलाबाने सुकलेली पोरं आली, बाटल्या लावल्या, पाय गरम झाले, लघवी झाली. मला वाटलं, मी शिकले.

ऑक्टोबरात भातकापणी सुरू झाली. कापणीत विंचू येतात. भाऱ्यांखाली, खळ्यावर, घराच्या जांभ्या दगडांच्या फटीत. लाल विंचू छोटा असतो, पण वाईट. एका रात्री नऊ वर्षांचा मुलगा आणला. संध्याकाळी भारे रचताना चावला होता. गावात मंत्र घालून झाला होता, वरून चुना लावलेला होता. पोरगा रडत नव्हता. घामाने इतका भिजला होता की शर्ट पिळला असता तर पाणी आलं असतं. तोंडातून लाळ, तीनदा उलटी. पाय घोट्याच्या वरपर्यंत गार. मनगटावर नाडी जेमतेम. लहान मुलाचा बीपीचा पट्टा वॉर्डात नव्हता.

मी म्हटलं, घामाने आणि उलटीने पाणी गेलंय. सलाईन, जोरात. शीर शोधली, सुई लावली, धार सोडली. मला स्वतःचा अभिमान वाटत होता.

सिस्टर आल्या, मुलाकडे पाहिलं आणि हात पुढे करून सलाईनच्या नळीवरचं चाक बंद केलं. माझ्या देखत. पेशंटच्या बापासमोर.

“डॉक्टर, गळा बघा.”

मी पाहिला. मानेच्या शिरा फुगलेल्या होत्या. ज्याचं पाणी संपलंय त्याच्या शिरा चिकटलेल्या असतात. ह्याच्या तटतटलेल्या. मुलगा खोकला. छातीला स्टेथोस्कोप लावला तर खाली दोन्हीकडे बारीक कुरकुर, केस बोटांत चोळल्यासारखी.

सिस्टरांनी स्वतःच्या कपाटाची किल्ली काढली. आत लहान मुलांचा पट्टा होता. वॉर्डात ठेवला की हरवतो म्हणून त्यांनी तो कुलपात ठेवला होता. बीपी 150/110. नऊ वर्षांच्या पोराला! कपाटाच्या दाराच्या आतल्या बाजूला एक कागद चिकटवलेला होता, त्यांच्याच अक्षरात. ‘लाल विंचू. सलाईनची घाई नको. प्राझोसिन. पाय कोरडे नि गरम होईपर्यंत दर 3 तासांनी. उठवून बसवू नका.’

तो कागद महाडहून आला होता. म्हणजे कागद नाही, ज्ञान. डॉ. हिंमतराव बावस्कर महाडच्या परिसरात विंचूदंशाचे रुग्ण बघत होते आणि लिहून ठेवत होते. 1982 मध्ये त्यांचं टिपण ‘लॅन्सेट’मध्ये आलं. 1986 मध्ये त्यांनी आणि डॉ. प्रमोदिनी बावस्कर यांनी प्राझोसिनबद्दल तिथेच लिहिलं. 2022 साली डॉ. बावस्करांना पद्मश्री मिळाली तेव्हा मी टीव्हीसमोर बसले होते आणि मला त्या कपाटाचं दार आठवत होतं. आमचा एक मेडिकल ऑफिसर महाडला जाऊन ऐकून आला होता, सिस्टरांनी त्याच्याकडून लिहून घेतलं. आम्ही डॉक्टर मंडळींनी ऐकून सोडून दिलं, त्यांनी दारावर चिकटवलं.

त्या रात्री काय चाललं होतं ते सांगते, कारण ते समजायला मला नंतर पुस्तकं लागली. लाल विंचवाचं विष मज्जातंतूंवरचे सोडियमचे दरवाजे उघडे धरतं. तंतू थांबायचं विसरतात. ॲड्रिनलिन आणि त्याच्या भावंडांचा लोंढा सुटतो. शरीरभरच्या रक्तवाहिन्या एकदम आवळतात. पाय गार पडतात, अगदी रक्त गेलेल्या माणसासारखे. पण रक्त गेलेलं नसतं. ते आत कोंडलेलं असतं. छोटंसं हृदय बंद दारावर धडका मारत राहतं, विषाने ते स्वतःही दुबळं होतं, आणि मागचं पाणी फुफ्फुसात साठायला लागतं. अशा वेळी शिरेतून आणखी पाणी ओतणं म्हणजे बुडत्यावर घागर उपडी करणं. मी तेच करत होते. प्राझोसिन ही बीपीची साधी, स्वस्त गोळी. ती आवळलेल्या नळ्या सैल करते. किलोला 30 मायक्रोग्रॅम हा हिशोब. एक मिलिग्रॅमची गोळी आम्ही ब्लेडने अर्धी केली, पाण्यात विरघळवली, निजल्या निजल्या चमच्याने पाजली. पूर्वी गंभीर विंचूदंशात शंभरातली तीसेक माणसं दगावत. ह्या गोळीनंतर ते प्रमाण एक-दोनावर आलं.

मग सिस्टरांनी मनगटावरचं घड्याळ काढून माझ्या हातात दिलं. माझ्या घड्याळाला सेकंदकाटा नव्हता. “दर अर्ध्या तासाने. पाय, नख, गळा, छाती. लिही. नि हात गरम कर आधी.”

मी लिहिलं. साडेअकराला नख भरायला सात सेकंद. बाराला सात. साडेबाराला सहा, घाम थोडा कमी. दीडला मुलाने लघवी केली, चादरीतच, आणि सिस्टर इतक्या खूश झाल्या की जणू घरातलं तान्हं मूल आहे. अडीचला दुसरी अर्धी गोळी. चारला घोटे उबदार, पावलं अजून गार. सहाला मी पावलावर हात ठेवला आणि मला माझाच हात गार लागला. पायाच्या पाठीवरची शीर दिसायला लागली होती, निळसर, दोऱ्यासारखी. रात्रभर ती नव्हती. मुलाने “भूक लागली” म्हटलं. बाप दाराशी उकिडवा बसला होता, तो उठला आणि त्याने सिस्टरांच्या पायाला हात लावला. माझ्या नाही. बरोबरच होतं.

पहाटे कॉटच्या कडेला बसून सिस्टरांनी मला सुपारीच्या बागेचं शिंपण समजावलं. त्यांच्या माहेरी बाग होती. “झाडं सुकली की सगळे म्हणतात पाणी नाही. पण बघायला लागतं. विहीर आटली काय? पंप बिघडला काय? पाटाला भोकं पडून पाणी मधेच जिरतं काय? की कुणी पाटात दगड टाकला? चारही वेळा झाडं सुकतात. सगळ्याला विहिरीत टँकर ओतून काय होणार?”

पुढे एम.डी. करताना मला वाइल आणि शुबिन यांची शॉकची वर्गवारी शिकवली गेली. रक्ताचं आकारमान घटणं, हृदय अपुरं पडणं, वाहिन्या ढिल्या पडणं, वाटेत अडथळा येणं. मी वर्गात हसले, सरांनी विचारलं काय झालं. काही नाही म्हटलं. त्या चौघांना मी विहीर, पंप, पाट आणि दगड म्हणून ओळखत होते. विंचवाचं ह्या चारांत नीट बसत नाही हेही मला ठाऊक होतं. तिथे पाट आवळून आवळून पंप मोडतो. खरा आजार वर्गवारी वाचून येत नाही.

पाटाला भोकं पडणं मी त्याच हिवाळ्यात पाहिलं. बाळंतपणानंतर जंतुसंसर्ग झालेली एक बाई, अंग तापलेलं, पाय चक्क गरम आणि गुलाबी, बीपी 84/40. मी पायांवर हात ठेवून सुटकेचा श्वास टाकला. सिस्टर म्हणाल्या, “हा गरम फसवा. ही वेडी बोलतेय, लघवी नाही सकाळपासून. पाय एकटे बघू नका.” मग काही वर्षांनंतर, मुंबईत, दगड पाहिला: क्षयामुळे हृदयाच्या आवरणात पाणी साठलेला एक विद्यार्थी, गळ्याच्या शिरा फुगलेल्या, पाय बर्फ. सुईने पाणी काढायला सुरुवात केली आणि शेवटची सिरिंज भरेपर्यंत त्याच्या बोटांना रंग आला. आमच्या रजिस्ट्रारला वाटलं की मी भावुक झाले. मी नख मोजत होते.

मुंबईच्या अतिदक्षता विभागात आल्यावर यंत्रांचा जमाना होता. हृदयातून फुफ्फुसाच्या धमनीपर्यंत नेलेली फुगेवाली नळी 1970 पासून आलेली, ती आम्ही खूप जणांना घातली. नंतर कळलं की नुसती ती घातल्याने माणसं जास्त वाचत नाहीत. ती मागे पडली. मग रक्तातलं लॅक्टेट मोजणं आलं, मग इको प्रत्येक खाटेशी. चांगली साधनं आहेत सगळी, मी त्यांच्याशिवाय काम करणार नाही. पण 2011 मध्ये पूर्व आफ्रिकेतल्या 3141 मुलांवरचा अभ्यास आला. ताप आणि रक्ताभिसरण बिघडलेली मुलं. ज्यांना भराभर सलाईनचे बोलस दिले ती दिलेच नाहीत त्यांच्यापेक्षा जास्त दगावली: दहा टक्क्यांच्या वर विरुद्ध सात. परिषदेत लोक अवाक झाले होते. मला सलाईनच्या नळीवरचं ते चाक दिसलं, आणि ते बंद करणारा अंगठा.

2019 मध्ये तर चिलीच्या डॉक्टरांच्या पुढाकाराने दक्षिण अमेरिकेतल्या पाच देशांत 424 जणांवर एक प्रयोग झाला. जंतुसंसर्गाच्या शॉकमधले रुग्ण. अर्ध्यांचे उपचार लॅक्टेट बघून ठरवले, अर्ध्यांचे बोटावर काचपट्टी दहा सेकंद दाबून, सोडून, रंग परतायला लागणारे सेकंद मोजून. तीनपेक्षा जास्त म्हणजे बिघाड. दर अर्ध्या तासाने मोजायचं. अठ्ठावीस दिवसांत लॅक्टेटवाल्यांतले 43 टक्के गेले, बोटवाल्यांतले 35. संख्याशास्त्राच्या कसोटीवर हा फरक जेमतेम निसटला, म्हणून मी त्याचे ढोल वाजवत नाही. पण दर अर्ध्या तासाने, तीन सेकंद! मी तो निबंध वाचून खण उघडला आणि घड्याळाला चावी दिली.

माझ्या विभागात आता तरुण सिस्टर आहेत, हुशार आहेत. त्या कधीकधी म्हणतात, “मॅडम, सॅच्युरेशन येत नाही, प्रोब खराब आहे, बदलू का?” मी म्हणते, बदल, पण आधी बोट धर. बोटात रक्तच पोचत नसेल तर प्रोब काय वाचणार? एसीत सगळ्यांचेच हात गार, म्हातारपणी नख उशिरा भरतं, सावळ्या कातडीवर रंग नीट कळत नाही म्हणून उजेड धरावा लागतो. हे सगळं सांगते. चहाचा पेलाही सांगते. हसतात. दोघी-तिघी धरायला लागल्या आहेत.

चार वर्षांपूर्वी मे महिन्यात मी सिस्टरांकडे गेले. निवृत्त होऊन त्या गावी राहतात, यजमान गेले, मुलगा गोव्यात नोकरीला. घड्याळ रुमालात बांधून नेलं होतं. इंटर्नशिप संपताना मी ते परत द्यायला गेले होते, तेव्हा त्या “रवांदे, नवीन पोरगी येईल तेव्हा मागीन” म्हणाल्या होत्या. मागितलं कधीच नाही.

त्यांनी रुमाल सोडला. घड्याळ कानाशी धरलं, चावी दिली, पुन्हा कानाशी धरलं.

“अजून पुढे पळता काय?”

“चार मिनिटं.”

“मग आता परत कशाक?” त्यांनी ते पुन्हा रुमालात गुंडाळलं आणि माझ्या पर्समध्ये वरच्या वर ठेवलं. मग माझा हात हातात घेतला, बोटाचं नख दाबलं, सोडलं. घड्याळाकडे बघायची त्यांना गरज नव्हती. कोकम सरबत करायला आत जाताना दाराशी थांबल्या. त्या विंचूवाल्या मुलाबद्दल काही विचारतील असं मला वाटलं.

“तो माडावरचा,” त्या म्हणाल्या. “अकरा नंबर.”

“हो,” मी म्हटलं. “अकरा.”

आत ग्लासांचा आवाज झाला. बराच वेळ त्या बाहेर आल्या नाहीत. मी अंगणातल्या माडांकडे बघत बसले.